पु. ल., पडदा आणि 1977

भारतात टीव्ही आला तेव्हा तो आठवड्यातून दोनच दिवस दिसायचा. 15 सप्टेंबर 1959 रोजी दिल्लीत आकाशवाणी भवनात त्याचा आरंभ झाला. स्टुडिओ कामचलाऊ होता, प्रक्षेपक लहान, आणि पल्ला दिल्ली व आजूबाजूच्या वस्त्यांपुरता. घरोघरी संच असण्याचा प्रश्नच नव्हता. युनेस्कोच्या मदतीतून मिळालेले संच शाळांत आणि वस्त्यांतल्या सार्वजनिक जागी ठेवून 'टेली-क्लब' काढले गेले. सगळ्यांनी एकत्र बसून कार्यक्रम पाहायचा आणि संपल्यावर त्यावर बोलायचं, अशी कल्पना. टीव्ही बंद झाल्यावर लोकांनी आपसात बोलावं ही अपेक्षा आज विनोदी वाटेल, पण त्या काळी ती सरकारी योजनेचा भाग होती.

या नवख्या यंत्रासमोर पंतप्रधान नेहरूंची पहिली मुलाखत घेतली ती पुरुषोत्तम लक्ष्मण देशपांडे यांनी. पु. ल. तेव्हा चाळिशीला टेकले होते. 'गुळाचा गणपती' हा सबकुछ पु. ल. चित्रपट मागे पडला होता, 'तुझे आहे तुजपाशी' 1957 पासून रंगभूमीवर गाजत होतं, आणि 1955 पासून ते आकाशवाणीत नोकरीला होते. टीव्हीचं काम शिकायला सरकारने त्यांना वर्षभरासाठी लंडनला बीबीसीकडे धाडलं. त्या मुक्कामातून मराठीला 'अपूर्वाई' मिळाली. पुस्तक आपण सगळ्यांनी वाचलं, पण ज्या कामासाठी तो प्रवास झाला त्याकडे फारसं कुणी पाहिलं नाही. हा विनोदी लेखक सहज फिरायला गेला नव्हता. एका गरीब, नुकत्याच प्रजासत्ताक झालेल्या देशाने नवं माध्यम हाताळायला तयार केलेल्या पहिल्या काही माणसांपैकी तो एक होता.

नेहरूंच्या मुलाखतीकडे पाहताना एक साधी गोष्ट विसरून चालत नाही. प्रश्न विचारणारा ज्या खात्यातून पगार घेत होता ते खातं उत्तर देणाऱ्याच्या सरकारचं होतं. ब्रिटनमध्ये बीबीसी सनदेवर चालणारी संस्था होती, तिचा खर्च परवाना शुल्कातून निघायचा. आपल्याकडे आकाशवाणी हे इंग्रजांनी मागे ठेवलेलं सरकारी खातं होतं आणि टीव्ही त्याच्याच पोटी जन्माला आला. नेहरू उदार होते, प्रश्नांचा त्यांना कंटाळा नव्हता, म्हणून तेव्हा ही गाठ कुणाला टोचली नाही. पण ती होती. पुढच्या सगळ्या कथेत तीच पुन्हा पुन्हा हाताला लागते.

आता नकाशावर खाली या, पडदा न पोचलेल्या एका गावाकडे. धाराशिव जिल्हा, भूम तालुका, गाव ईट. बालाघाटाच्या माळावरचा हा मुलूख ज्वारीचा आणि खव्याच्या भट्ट्यांचा. दिल्लीत ती मुलाखत झाली तेव्हा ईटला निजामाच्या राज्यातून बाहेर पडून जेमतेम अकरा वर्षं झाली होती. देशात 15 ऑगस्ट 1947 ला झेंडा लागला. इथे 17 सप्टेंबर 1948 उजाडावा लागला. लोकांनी स्वतःचं सरकार पहिल्यांदा निवडलं ते 1952 साली, हैदराबाद राज्याच्या विधानसभेसाठी. 1956 ला मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आला आणि 1960 ला महाराष्ट्रात. म्हणजे ज्याचं वय 1960 साली तीस होतं अशा इथल्या माणसाने एका जागी बसून राजा, लष्करी प्रशासन, मतपेटी आणि तीन वेगवेगळी राज्यं पाहिली. राष्ट्राचं लोकशाहीकडे जाणं इथे पुस्तकात वाचायची गोष्ट नव्हती. ती सातबाऱ्यावर आणि शाळेतल्या भाषेत दिसत होती.

पण या स्थित्यंतराचं कुठलंही चित्र इथवर आलं नाही. 1956 मध्ये युनेस्कोच्याच साहाय्याने पुणे आकाशवाणीने 'रेडिओ शेतकरी मंडळां'चा प्रयोग केला. पाच जिल्ह्यांतली दीडशे गावं, प्रत्येक गावात मंडळी जमायची, कार्यक्रम ऐकायची आणि आपले प्रश्न केंद्राला कळवायची. दिल्लीच्या टेली-क्लबची कल्पना याच वळणाची. त्या पाचांत शेजारचा अहमदनगर जिल्हा होता. ईट नव्हतं, कारण प्रयोग झाला तेव्हा उस्मानाबाद, म्हणजे आजचा धाराशिव, जिल्हा अजून हैदराबाद राज्यात होता. राज्याची सीमा कशी माणसाच्या कानापर्यंत पोचते याचं हे चांगलं उदाहरण आहे.

पु. ल. टीव्हीत फार रमले नाहीत. 1961 मध्ये 'बटाट्याची चाळ' एकपात्री रूपात आली आणि त्यांना स्वतःचा रंगमंच मिळाला. नोकरी सुटली. मला यात एक कारण स्पष्ट दिसतं. ज्याला एकट्याने दोन तास आठशे माणसं बांधून ठेवता येतात तो फायलीवर शेरे मारत बसणार नाही. तरी त्या दोन-तीन वर्षांनी त्यांना काहीतरी दिलं असावं असं वाटतं. कॅमेऱ्यासमोर बोलणारा माणूस सभेशी बोलत नाही, समोरच्या एका घराशी बोलतो. आवाज चढवला तर तो खोटा दिसतो. पु. लं.चं व्यासपीठावरचं बोलणंही नेहमी असंच राहिलं, हजारोंसमोर उभं राहून ओसरीवर बसल्यासारखं. याचा उपयोग पुढे वेगळ्याच ठिकाणी झाला.

मधल्या काळात दिल्लीत जे घडलं ते थोडक्यात सांगतो. शास्त्रींच्या मंत्रिमंडळात 1964 ला इंदिरा गांधी माहिती व नभोवाणी मंत्री झाल्या. टीव्हीचं रोजचं प्रसारण 1965 मध्ये त्यांच्याच कारकिर्दीत सुरू झालं. त्याच काळात अशोक चंदा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. आकाशवाणी आणि टीव्ही वेगळे करावेत, आणि दोन्ही सरकारी खात्याबाहेर काढून स्वायत्त करावेत, अशी शिफारस समितीने 1966 ला केली. शिफारस फायलीत गेली. दहा वर्षांनी, 1 एप्रिल 1976 रोजी, 'दूरदर्शन' आकाशवाणीपासून खरंच वेगळं झालं. देशात तेव्हा आणीबाणी होती. अर्धी शिफारस अमलात आली. कोणती अर्धी, हे सांगायला नको.

मुंबई दूरदर्शन 2 ऑक्टोबर 1972 ला सुरू झालं. वरळीचा मनोरा, पुढच्या वर्षी पुण्यासाठी सिंहगडावरचं पुनःप्रक्षेपण केंद्र. या केंद्राची सुरुवातीची वर्षं मराठी संस्कृतीच्या दृष्टीने मोठी श्रीमंत होती. सुहासिनी मुळगावकरांचा 'प्रतिभा आणि प्रतिमा', विनायक चासकरांचा 'गजरा', शेतकऱ्यांसाठी 'आमची माती आमची माणसं', बातम्या वाचणाऱ्यांत स्मिता पाटील आणि भक्ती बर्वे. लेखक, गायक, नट पडद्यावर येऊन निवांत बोलत. साहित्यावर बोलायला बंदी नव्हती. राजकारण मात्र बातम्यांच्या चौकटीत राहायचं आणि चौकट दिल्लीतून यायची. सांस्कृतिक कार्यक्रमांना मिळालेली ती मोकळीक खरी होती. पण भाडेकरूला घरात मोकळीक असते तितपतच.

25 जून 1975 च्या रात्री आणीबाणी आली. नभोवाणी मंत्री इंद्रकुमार गुजराल काही दिवसांतच बदलले गेले आणि विद्याचरण शुक्ल आले. वर्तमानपत्रांवर सेन्सॉर बसला. आकाशवाणी-दूरदर्शनवर तो बसवावा लागला नाही, कारण ती आधीपासून सरकारचीच होती. किशोर कुमारने सरकारी कार्यक्रमाला नकार दिला म्हणून त्याची गाणी रेडिओवरून गायब झाली. हे उदाहरण नेहमी गमतीने सांगतात, पण त्यात धडकी भरवणारं काही असेल तर ते म्हणजे हे सगळं किती सहज झालं! कायदा करावा लागला नाही. एक सूचना पुरली.

देशात तेव्हा टीव्ही केंद्रं होती सातच. दिल्ली, मुंबई, श्रीनगर, अमृतसर, कोलकाता, चेन्नई, लखनौ. त्यांच्या पल्ल्याबाहेर पडदा नव्हता. एक अपवाद मात्र ईटपासून फार लांब नव्हता. 1 ऑगस्ट 1975 ते 31 जुलै 1976 या वर्षात अमेरिकेचा एटीएस-6 हा उपग्रह वापरून भारताने 'साइट' हा प्रयोग केला. सहा राज्यांतल्या सुमारे 2,400 खेड्यांत उपग्रहावरून थेट टीव्ही पोचवला गेला. तबकडीच्या आकाराचा अँटेना, सार्वजनिक संच, शेती, आरोग्य आणि शिक्षणाचे कार्यक्रम. कर्नाटकात त्यासाठी निवडले गेले विजापूर, गुलबर्गा आणि रायचूर जिल्हे. उमरग्यापलीकडे सीमा ओलांडली की गुलबर्गा लागतो. गुलबर्गा आणि रायचूर हे 1956 पर्यंत आपल्यासारखेच हैदराबाद राज्यातले भाऊबंद. भाषावार प्रांतरचनेत ते कर्नाटकात गेले, म्हणून त्यांच्या काही गावांत टीव्ही आला. आपण महाराष्ट्रात आलो, म्हणून राहिलो. प्रयोग शास्त्रीय दृष्टीने उत्तम होता, जगभर अभ्यासला गेला. पण तो पहिल्या दिवसापासून शेवटच्या दिवसापर्यंत आणीबाणीत झाला, ही बाब त्याच्या गौरवलेखांत बहुधा तळटीपेतही नसते. त्या गावांनी टीव्ही पहिल्यांदा पाहिला तो कुणी उलटा प्रश्न विचारू शकत नव्हतं अशा वर्षी.

डिसेंबर 1975 मध्ये कऱ्हाडला मराठी साहित्य संमेलन भरलं. अध्यक्ष दुर्गा भागवत, स्वागताध्यक्ष केंद्रीय मंत्री यशवंतराव चव्हाण. विरोधी आंदोलनाचे नेते जयप्रकाश नारायण तेव्हा मुंबईत मूत्रपिंडाच्या आजाराने रुग्णालयात होते. दुर्गाबाईंनी त्यांच्या प्रकृतीसाठी सभेला उभं राहून प्रार्थना करायला सांगितलं. मांडव उभा राहिला. पुढे दुर्गाबाईंना अटक झाली. आदल्या वर्षी, 1974 ला, इचलकरंजीच्या संमेलनाचे अध्यक्ष होते पु. ल. दोन वर्षांतले हे दोन अध्यक्ष आणीबाणीविरुद्ध उभे राहिले. दोघांनाही राजकारणाची आवड नव्हती, म्हणूनच त्याचं वजन पडलं.

18 जानेवारी 1977 रोजी निवडणूक जाहीर झाली. पु. ल. विरोधकांच्या जनता पक्षाच्या प्रचाराला उतरले. ज्याने देशातल्या टीव्हीचा पहिला धडा गिरवला होता तो माणूस, देशाच्या इतिहासातल्या सर्वांत मोठ्या राजकीय वळणावर, टीव्हीवर नव्हता. तो मैदानात होता, कर्ण्यासमोर.

दूरदर्शन त्या वेळी काय करत होतं? 6 फेब्रुवारी 1977 ला दिल्लीच्या रामलीला मैदानावर विरोधकांची सभा होती. चारच दिवसांपूर्वी काँग्रेस सोडलेले बाबू जगजीवनराम तिथे बोलणार होते. त्या संध्याकाळी दूरदर्शनने नेहमीच्या जुन्या चित्रपटाऐवजी 'बॉबी' लावला. 1973 चा, तरुणांना वेड लावणारा. लोक घरी बसतील असा हिशेब. मैदान तरीही भरलं आणि दुसऱ्या दिवशी बाबूंनी बॉबीला हरवल्याचे मथळे छापून आले. टीव्हीच्या ताकदीबद्दल सरकारची समजूत किती भाबडी होती हे यातून दिसतं. पडद्यावर काय दाखवायचं एवढंच ते ठरवू शकत होतं. पडदा बंद करून उठणाऱ्या पायांवर त्याची सत्ता नव्हती.

पु. लं.च्या सभांना गर्दी का व्हायची, याचं उत्तर 'विनोद' एवढंच देऊन भागत नाही. एकोणीस महिने लोक दबक्या आवाजात बोलत होते. अशा वेळी घणाघाती भाषण माणसाला पुन्हा घाबरवतं. हसू वेगळं काम करतं. शेजारचा हसला की कळतं, याच्याही मनात तेच आहे. पु. लं.नी एवढंच केलं असं म्हटलं तरी ते पुष्कळ आहे. आणि ते टीव्हीवर झालं नसतं. घरात एकट्याने हसलेल्या माणसाला शेजारी काय विचार करतो हे कळत नाही.

ईटला मुंबईचं दूरदर्शन दिसत नव्हतं याचं कारण सरकारी दुर्लक्ष एवढंच नाही, भौतिकशास्त्रही आहे. टीव्हीच्या लहरी साधारण नजरेच्या रेषेत जातात. जमिनीची वक्रता आणि डोंगर आडवे आले की संपल्या. म्हणून मनोरे उंच लागतात आणि तरीही पल्ला साठ-सत्तर मैलांच्या आसपास सरतो. रेडिओच्या मध्यम लहरी जमिनीला धरून जातात, रात्री त्या आयनांबरावर आपटून आणखी लांब पोचतात, आणि लघुलहरी तर समुद्र ओलांडून येतात. 1977 च्या मार्चमध्ये मराठवाड्यातल्या हॉटेलांत आणि पारांवर लोक बीबीसीची हिंदी सेवा लावून बसायचे ते याच कारणाने. आपल्या तालुक्याचं भवितव्य लंडनहून ऐकायचं! निकाल 20 मार्चपासून येऊ लागले, 21 ला आणीबाणी उठली, 24 ला मोरारजी देसाई पंतप्रधान झाले. भारत हुकूमशाहीतून लोकशाहीत परतला आणि खेड्यापाड्यातल्या बहुसंख्य मतदारांनी त्यातलं एकही चित्र हलताना पाहिलं नाही.

याच सुमारास स्पेनमध्ये उलटं घडत होतं. हुकूमशहा फ्रँको 20 नोव्हेंबर 1975 ला वारला. दोनच महिन्यांत, जानेवारी 1976 मध्ये, सरकारी टीव्हीच्या दुसऱ्या वाहिनीवर 'ला क्लावे' हा कार्यक्रम सुरू झाला. होसे लुईस बाल्बिन हा पाईप ओढणारा पत्रकार तो चालवायचा. आधी एक चित्रपट दाखवायचा, मग त्याच्या विषयावर निरनिराळ्या मतांच्या पाहुण्यांची थेट, लांबलचक चर्चा. जवळजवळ चाळीस वर्षं ज्या देशात दुसरं मत ऐकायला मिळालं नाही तिथल्या लोकांनी माणसं एकमेकांशी असहमत होऊनही उठून जात नाहीत हे पहिल्यांदा घरात बसून पाहिलं. स्थित्यंतर घडवणारे पंतप्रधान अदोल्फो सुआरेस हे पूर्वी त्याच सरकारी टीव्हीचे महासंचालक होते. आपल्याकडे माजी नभोवाणी मंत्री पंतप्रधान झाल्या आणि माध्यम आवळलं गेलं. तिकडे माजी टीव्हीप्रमुख पंतप्रधान झाला आणि ते सैल झालं. अर्थात स्पेनचं कौतुक बेताने करावं. 'ला क्लावे' फ्रँकोवाद्यांतून वाचला आणि 1985 अखेर बंद झाला तो निवडून आलेल्या समाजवादी सरकारच्या काळात.

आपल्याकडे जनता सरकार आल्यावर नभोवाणी खातं लालकृष्ण अडवाणींकडे गेलं. आणीबाणीतल्या माध्यमांच्या गैरवापरावर श्वेतपत्रिका निघाली. बी. जी. वर्गीज यांच्या अध्यक्षतेखालील गटाने 1978 च्या फेब्रुवारीत 'आकाश भारती' नावाच्या स्वायत्त संस्थेचा आराखडा दिला. सरकारने त्यात पुष्कळ पाणी घालून 1979 ला 'प्रसार भारती' विधेयक मांडलं आणि ते मंजूर होण्याआधी सरकारच पडलं. कायदा झाला 1990 मध्ये, लागू झाला 1997 मध्ये. तुरुंगात जाऊन आलेल्यांनाही सत्तेत बसल्यावर टीव्ही हातातून सोडवेना, हे मला आणीबाणीपेक्षा जास्त बोलकं वाटतं.

पु. ल. मात्र निकाल लागल्यावर बाजूला झाले. त्यांनी कोणतंही राजकीय पद घेतलं नाही, पक्षाचं काम पुढे चालवलं नाही. निवडणुकीपुरता उतरलेला लेखक लिहायला परत गेला.

ईटच्या परिसरात टीव्ही रुजला तो 1980 च्या दशकात. 1982 च्या एशियाडने रंग आणला, 1984 च्या सुमारास देशभर लहान प्रक्षेपकांचा धडाका लागला, आणि 1987 च्या जानेवारीत 'रामायण' सुरू झालं तेव्हा रविवारी सकाळी रस्ते ओस पडू लागले. मुंबईच्या कार्यक्रमांतून आणि कॅसेटमधून इथल्या नव्या पिढीला पु. ल. भेटले ते अंतू बर्वा, नारायण आणि रावसाहेब सांगणारे. हसवणारे आजोबा. 1977 चे पु. ल. कोणत्याही चित्रफितीवर त्यांच्यापर्यंत आले नाहीत. माध्यमाने त्यांची अशी वाटणी केली. जे दाखवण्यासारखं होतं ते दिसलं, आणि जे त्यांनी पडद्याबाहेर केलं ते ऐकलेल्यांच्या आठवणीपुरतं उरलं. म्हणून आजही कुणी पु. लं.ना 'मध्यमवर्गीय करमणूक' म्हणून निकालात काढतो तेव्हा त्याचा दोष मी त्या माणसाला फारसा देत नाही. त्याने जे पाहिलं त्यावरून तो बोलतो.

1996 मध्ये महाराष्ट्र शासनाने नव्या 'महाराष्ट्र भूषण' पुरस्काराचा पहिला मान पु. लं.ना दिला. राज्यात शिवसेना-भाजप युतीचं सरकार होतं. पु. ल. थकलेले, आजारी. पुरस्काराच्या भाषणात त्यांनी लोकशाहीपेक्षा ठोकशाही बरी मानण्याच्या वृत्तीबद्दल खंत व्यक्त केली. नाव घेण्याची गरज नव्हती. शिवसेनाप्रमुख बाळासाहेब ठाकऱ्यांनी जाहीरपणे जळजळीत शब्दांत समाचार घेतला आणि महाराष्ट्रात वाद पेटला. या वेळी केबल गावोगाव पोचली होती, खासगी वाहिन्या आल्या होत्या, आणि पुरस्कार देणाऱ्या सरकारला तो पुरस्कार घेताना चार शब्द सुनावणाऱ्या लेखकाची बातमी ईटच्या घराघरात त्याच आठवड्यात पोचू शकत होती. दूरदर्शन तेव्हाही सरकारी खातंच होतं. प्रसार भारती लागू व्हायला आणखी वर्ष बाकी होतं.